जुन्या चित्रफितीची साक्ष

गांधीजयंतीच्या दिवशी दूरदर्शनवर दांडीयात्रेची चित्रे तुम्ही पाहिली असतील. हातात काठी घेतलेले गांधीजी पुढे आणि सत्याग्रही मागे, असा जथा चाललेला असतो. पण ती चाल किती भरभर! सगळी माणसे जणू घाईघाईने तुरुतुरु धावत आहेत असे वाटते. लहान मुले तर ते पाहून हसतात.

गांधीजी खरोखरच इतके वेगाने चालत होते का? ते झपझप चालत, हे त्यांच्या बरोबरीच्यांनी सांगितले आहे. १२ मार्च ते ५ एप्रिल १९३० या काळात, वयाच्या साठाव्या वर्षी, त्यांनी साबरमती ते दांडी हे सुमारे ३८५ किलोमीटरचे अंतर पायी तोडले. पण पडद्यावर जी दिसते ती चाल साठीच्या गृहस्थाची नव्हे, कोणाचीच नव्हे. मग चूक कोणाची? गांधीजींची, कॅमेऱ्याची की दूरदर्शनची? या साध्या प्रश्नाचा पाठपुरावा केला तर पदार्थविज्ञानातल्या बऱ्याच गोष्टी हाती लागतात. शिवाय जुन्या चित्रणावर कितपत विश्वास ठेवावा, हेही कळते.

पाचगणीवर एक कार्यक्रम

समजा, पाचगणीच्या एखाद्या शाळेतल्या मुलांनी ठरवले की ‘गांधीजी आणि पाचगणी’ या विषयावर अर्ध्या तासाचा चित्रपट करायचा. विषय चांगला आहे. आगाखान पॅलेसमधल्या स्थानबद्धतेतून ६ मे १९४४ रोजी गांधीजींची सुटका झाली. त्यानंतर जुलै महिन्यात ते विश्रांतीसाठी पाचगणीला आले. पुढे १९४५ आणि १९४६ सालीही त्यांचा मुक्काम येथे झाला. बंगला, रस्ते आणि टेबललँड यांचे चित्रण आजही करता येईल. पण १९४४ सालचे गांधीजी कोठून आणायचे?

त्यासाठी दोनच वाटा आहेत. एक म्हणजे नटाकडून प्रसंग उभा करायचा. रिचर्ड ॲटनबरो यांच्या १९८२ सालच्या ‘गांधी’ चित्रपटात हेच केले आहे. दुसरी वाट म्हणजे त्या काळी कोणीतरी प्रत्यक्ष घेतलेले आणि जपून ठेवलेले चित्रण शोधायचे. चित्रपटधंद्यातले लोक याला ‘फुटेज’ म्हणतात. फीत फुटांवर मोजली जाते, म्हणून हा शब्द आला.

हे शोधकाम किती मोठे असते याचे एक उदाहरण सांगतो. ए. के. चेट्टियार या तमिळ लेखकाने गांधीजींवर माहितीपट करण्याचे मनावर घेतले. त्यासाठी तो देशोदेशी हिंडला, अनेक कॅमेरावाल्यांनी घेतलेले तुकडे त्याने मिळवले आणि सुमारे ५० हजार फूट फीत गोळा केली. तिच्यातून निवडून केलेला माहितीपट १९४० साली पडद्यावर आला. पुढे १९६८ साली विठ्ठलभाई झवेरी यांनी अशाच जुन्या चित्रणातून ‘महात्मा’ हा पाच तासांहून अधिक लांबीचा चित्रपट सिद्ध केला. आज दूरदर्शनवर गांधीजींची जी हलती चित्रे आपण पाहतो, ती अशाच संग्राहकांच्या कष्टांचे फळ आहे.

आता आपल्या शाळकरी दिग्दर्शकांना असे काही तुकडे मिळाले असे धरू. ते जसेच्या तसे जोडून दाखवायचे का? नाही. साक्षीदाराची उलटतपासणी करतात तशी प्रत्येक तुकड्याचीही करायला हवी. त्यासाठी त्याला तीन प्रश्न विचारू: तुझा वेग कोणता? तू कोठला आणि केव्हाचा? आणि तुझ्यात मागाहून काय मिसळले आहे?

पहिला प्रश्न: वेग कोणता?

चित्रपट म्हणजे स्थिर चित्रांची माळ. प्रत्येक चित्राला आपण चौकट म्हणू. थोड्याथोड्या फरकाच्या चौकटी भराभर डोळ्यांपुढून गेल्या की मेंदू त्या जोडून घेतो आणि आपल्याला हालचाल दिसते. ३५ मिलिमीटर रुंदीच्या नेहमीच्या फितीवर एका फुटात १६ चौकटी मावतात.

मूकपटाच्या काळात बरेच कॅमेरे हाताने दांडा फिरवून चालवत. दांड्याच्या एका फेऱ्यात आठ चौकटी टिपल्या जात. सेकंदाला दोन फेरे या बेताने सेकंदाला १६ चौकटी होत. पण हात म्हणजे काही घड्याळ नव्हे. कधी चौकटी १४ होत, कधी १८, कधी २०. मूकपटात त्याने फारसे बिघडत नसे, कारण प्रक्षेपक चालवणाराही आपला वेग कमीजास्त करी.

बोलपट आला आणि हे स्वातंत्र्य संपले. ध्वनीची पट्टी फितीच्या कडेवरच छापलेली असते. फितीचा वेग जरा बदलला की आवाज चिरका किंवा घोगरा होतो आणि कानाला ते लगेच कळते. म्हणून वेग कायमचा ठरवून टाकणे भाग पडले. तो ठरला सेकंदाला २४ चौकटी, म्हणजे मिनिटाला ९० फूट फीत.

आता गणित करू. एक हजार फुटांच्या रिळात १६ हजार चौकटी असतात. त्या सेकंदाला १६ या वेगाने टिपल्या असतील तर त्यांत १,००० सेकंदांच्या, म्हणजे १६ मिनिटे ४० सेकंदांच्या घटना साठवल्या आहेत. हेच रीळ बोलपटाच्या प्रक्षेपकावर २४च्या वेगाने चढवले तर ते ११ मिनिटे ७ सेकंदांत संपते. १६ मिनिटांचे आयुष्य ११ मिनिटांत कोंबले, तर माणसे धावणारच! सर्व हालचाली २४ भागिले १६, म्हणजे दीडपट वेगाने होतात. साधारण माणूस मिनिटाला ११५ पावले टाकत असेल तर पडद्यावर तो १७२ पावले टाकतो. आपल्या देशातल्या दूरदर्शनची पद्धत सेकंदाला २५ चौकटींची. तेथे ही घाई आणखी थोडी वाढते.

म्हणजे दोष गांधीजींचा नाही आणि कॅमेऱ्याचाही नाही. एका वेगाने टिपलेली फीत दुसऱ्या वेगाने दाखवणाऱ्याचा तो दोष आहे.

गुरुत्वाकर्षणाचे घड्याळ

पण एक अडचण उरते. फीत १६च्या वेगाने टिपली होती की २०च्या, हे आज कसे कळणार? कॅमेरावाला हयात नाही आणि डब्यावर तशी नोंदही नाही. मात्र फितीमध्येच एक घड्याळ दडलेले असते आणि त्याला कोणी किल्ली द्यावी लागत नाही. ते घड्याळ म्हणजे गुरुत्वाकर्षण.

वरून सोडलेली वस्तू ठरावीक अंतर पडायला ठरावीकच वेळ घेते. १९३० साली तो वेळ जितका होता तितकाच आजही आहे. तुम्ही शिकलेले सूत्र आठवा:

अंतर = ½ × ग × (काळ)²

येथे ग म्हणजे गुरुत्वीय त्वरण, ९.८ मीटर प्रति सेकंद वर्ग. समजा, एका तुकड्यात कोणाच्या तरी हातून लोटा निसटून सव्वा मीटर खाली पडताना दिसतो. सूत्रात १.२५ मीटर घातले की काळ जवळजवळ बरोबर अर्धा सेकंद येतो. आता फितीवरच्या चौकटी मोजा. लोटा सुटल्यापासून जमिनीवर आदळेपर्यंत ८ चौकटी गेल्या असतील, तर अर्ध्या सेकंदात ८, म्हणजे कॅमेरा सेकंदाला १६ चौकटी टिपत होता. १२ चौकटी भरल्या तर २४.

उंची कशी मोजायची? शेजारी उभ्या असलेल्या माणसाशी किंवा दाराच्या चौकटीशी ताडून पाहायची. अर्थात आठ चौकटी मोजताना एका चौकटीची चूक झाली तरी उत्तर सुमारे १२ टक्क्यांनी बदलते. म्हणून एकाच मोजमापावर न थांबता चार-पाच ठिकाणी मोजून सरासरी काढावी. फुलाच्या पाकळ्या मात्र उपयोगाच्या नाहीत. हवेच्या विरोधामुळे त्या तरंगत खाली येतात. उडी मारणारे मूल, लंबकाचे घड्याळ किंवा झोका हे साक्षीदार अधिक भरवशाचे.

एक गंमत लक्षात घ्या. फीत दीडपट वेगाने दाखवली तर पडणाऱ्या वस्तूंचे त्वरण दीडपट दिसत नाही. ते दीडाच्या वर्गाइतके, म्हणजे सव्वादोनपट दिसते. ९.८च्या जागी सुमारे २२! गुरू ग्रहावरच्या गुरुत्वाकर्षणाच्या जवळ जाणारा हा आकडा आहे. जुन्या चित्रणातली माणसे उडी मारताच धप्पकन खाली येतात आणि विचित्र वाटतात, त्याचे कारण हेच. पडद्यावरची ती माणसे जणू परग्रहावर वावरत असतात. आपल्या डोळ्यांना सूत्र ठाऊक नसले तरी पृथ्वीचा सराव पक्का आहे, म्हणून त्यांना ते खटकते.

दुरुस्ती कशी करतात?

वेग कळला की दुरुस्तीला लागता येते. जुनी पद्धत अगदी सोपी. १६च्या २४ करायच्या तर दर दोन चौकटींतली दुसरी चौकट दोनदा छापायची: एक, दोन, दोन, तीन, चार, चार. दोनाच्या तीन झाल्या म्हणजे १६च्या २४ झाल्या आणि चाल सुधारली. फक्त मधूनमधून हालचालीला किंचित हिसका बसतो.

आजचा संगणक निराळी युक्ती करतो. दोन चौकटींमध्ये हात कोठून कोठे गेला हे पाहून तो मधली चौकट स्वतः तयार करतो. हिसका जातो आणि हालचाल मऊ होते. पण विचार करा: ही मधली चौकट कोणत्याही कॅमेऱ्याने कधी टिपलेली नाही. ती संगणकाने बांधलेली अटकळ आहे. पीटर जॅक्सन यांनी २०१८ साली ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’ हा पहिल्या महायुद्धावरचा चित्रपट केला. त्यात लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममधल्या चित्रणाचा वेग अशा रीतीने सुधारला, त्यावर रंग चढवले, आणि ओठांच्या हालचालींवरून शब्द ओळखणाऱ्या तज्ज्ञांची मदत घेऊन सैनिकांच्या तोंडी बोलणेही घातले. शंभर वर्षांपूर्वीचे सैनिक जिवंत झाल्यासारखे वाटतात. मात्र त्यातला रंग आणि आवाज आजचा आहे, हे पाहणाऱ्याने विसरता कामा नये.

आवाजाची गोष्ट तर विशेष ध्यानात ठेवण्याजोगी. मूक फितीवर पावलांचा आवाज, घोषणा किंवा लाटांची गाज ऐकू आली तर ती मागाहून जोडलेली आहे हे नक्की समजा. याउलट, फॉक्स मूव्हिटोन या अमेरिकन कंपनीने १९३१ साली गांधीजींची बोलकी मुलाखत टिपली. तिचा वेग शोधावा लागत नाही, कारण आवाजच त्याची ग्वाही देतो. फीत दीडपट वेगाने फिरवली तर प्रत्येक स्वराची कंप्रता दीडपट होईल. गाणे शिकणाऱ्यांना ठाऊक असेल की दीडपट कंप्रता म्हणजे षड्जाचा पंचम. गांधीजींचा ‘सा’ थेट ‘प’वर गेला तर ते कोणाच्या कानातून सुटेल? पण २४ची फीत दूरदर्शनवर २५ने दाखवली तर वाढ जेमतेम चार टक्के असते. शंभर मिनिटांचा बोलपट ९६ मिनिटांत उरकतो आणि आवाज अर्ध्या स्वराहूनही कमी चढतो. ते सहसा कोणाच्या लक्षात येत नाही.

दुसरा प्रश्न: कोठला आणि केव्हाचा?

आता मोठा मोह पुढे येतो. पाचगणीत चालणाऱ्या गांधीजींचा तुकडा हाती नसेल आणि दांडीयात्रेचा असेल, तर तोच लावून ‘पाचगणीच्या रस्त्यावर गांधीजी’ असे निवेदन केले तर? गांधीजी खरे, चालणेही खरे. तरीही तो खोटेपणाच झाला. १९३० सालचे साठीचे गांधीजी आणि कस्तुरबांना गमावून, दीर्घ स्थानबद्धतेनंतर आजारातून उठलेले १९४४ सालचे पंचाहत्तरीजवळचे गांधीजी, यांत फार अंतर आहे.

असा प्रकार ओळखायलाही निसर्ग मदत करतो. पाचगणीच्या टेबललँडचे माथे जांभ्या दगडाचे असून सुरीने कापल्यासारखे सपाट आहेत. पार्श्वभूमीची ती आडवी रेषा दुसऱ्या कोणत्याही गावाशी ताडून पाहता येते. खाली कृष्णेच्या खोऱ्यात धोम धरणाचे पाणी पसरलेले दिसले, तर तो तुकडा गांधीजींच्या काळचा असणे शक्यच नाही. ते धरण स्वातंत्र्यानंतर कितीतरी वर्षांनी झाले.

सावलीही बोलते. जुलैच्या पहिल्या आठवड्यात पाचगणीला भर दुपारी सूर्य डोक्यावरून सुमारे पाच अंश उत्तरेकडे असतो. ढगांतून ऊन पडलेच तर १६५ सेंटिमीटर उंचीच्या माणसाची सावली सुमारे १४ सेंटिमीटर आणि दक्षिणेकडे पडेल. एप्रिलच्या आरंभी दांडीला मात्र भर दुपारचा सूर्य दक्षिणेकडे कललेला असतो. तेथे त्याच माणसाची सावली सुमारे ४३ सेंटिमीटर आणि उत्तरेकडे पडेल. डब्यावरची चिठ्ठी बदलता येते, सूर्याचा मार्ग कोणाला बदलता येत नाही.

चिठ्ठ्या चुकतात हे अभ्यासकांना चांगलेच ठाऊक आहे. दादासाहेब फाळक्यांचा १९१३ सालचा ‘राजा हरिश्चंद्र’ म्हणून जे भाग दाखवले जातात, ते त्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या आवृत्तीचे असावेत, असे अनेक अभ्यासक मानतात.

फीत जगली तर साक्ष

ही सगळी उलटतपासणी कोणाची करायची? जगलेल्या फितीची. न जगलेल्या फितीला काही विचारता येत नाही. १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी कुस्तीचा सामना टिपला. रँग्लर परांजपे १९०१ साली विलायतेहून परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचेही त्यांनी चित्रण केले. ती चित्रणे आज पाहायला मिळत नाहीत. ‘आलम आरा’ हा १९३१ सालचा भारताचा पहिला बोलपटही गेला. आपल्याकडे हजाराहून अधिक मूकपट निघाले. त्यांतले जेमतेम तीसच उरले आहेत, आणि त्यांतल्या काहींचे तर नुसते तुकडे.

याला माणसांची बेपर्वाई कारण आहे, तसेच रसायनशास्त्रही. १९५०च्या सुमारापर्यंत ३५ मिलिमीटरची व्यावसायिक फीत सेल्युलोज नायट्रेटची असे. हा पदार्थ बंदुकीच्या कापसाचा भाऊ. जळायला लागणारा ऑक्सिजन त्याच्या रेणूतच असतो, त्यामुळे एकदा पेटला की पाण्याखालीही जळत राहतो. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या कोठीला आग लागली आणि नायट्रेट फितीची पाच हजारांवर रिळे भस्मसात झाली.

नंतर आलेली ॲसिटेटची फीत सहसा पेटत नाही, पण तिला दुसरा रोग होतो. उष्णता आणि ओलावा यांमुळे तिच्यातून ॲसेटिक आम्ल सुटू लागते. हेच व्हिनेगारमधले आम्ल, म्हणून डबा उघडताच आंबट वास येतो. सुटलेले आम्ल ही विघटनाची क्रिया आणखी वाढवते. म्हणजे रोगच रोगाला खतपाणी घालतो. फीत आकसते, वाकते आणि प्रक्षेपकात चढवण्याजोगी राहत नाही. २१ अंश सेल्सियस तापमान आणि ५० टक्के सापेक्ष आर्द्रता राखली तर नवी फीत सुमारे ४० वर्षे या रोगापासून दूर राहते. तापमान पाच-सहा अंशांनी उतरवले की ही मुदत जवळजवळ दुप्पट होते.

मग थंड हवेची पाचगणी फितींना मानवेल का? तापमानाकडे पाहिले तर बरी, पण पावसाळ्याचे काय? धुके घरात शिरते, कपाटातल्या चामड्याच्या बुटांवर बुरशी चढते. फितीवरचे चित्र जिलेटिनच्या थरात असते आणि जिलेटिन हे बुरशीचे आवडते खाद्य. तेव्हा नुसता गारवा पुरत नाही, हवा कोरडीही हवी. म्हणून फिती वातानुकूलित आणि आर्द्रता रोखलेल्या कोठ्यांत ठेवतात. १९६४ साली पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे हेच मुख्य काम आहे. आता ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा भाग आहे. फाळक्यांच्या चित्रपटांचे उरलेसुरले भाग मिळवून टिकवण्यासाठी या संग्रहालयातल्या पी. के. नायर यांनी फार कष्ट घेतले. फाळके स्वतः काम करताना दिसतात असे १९१७ सालचे चित्रण आज त्यांच्यावरच्या माहितीपटांतून आपण पाहतो. ते जपले गेले नसते तर मराठी माणसाने उभारलेल्या या धंद्याचा जनक हलताबोलता कसा दिसे, हे आपल्याला नुसते वाचूनच समाधान मानावे लागले असते.

करून पाहा

घरातल्या मोठ्यांच्या मोबाइल फोनवर मंदगती चित्रणाची सोय आहे का ते पाहा. सव्वा मीटर उंचीवरून रबरी चेंडू सोडा आणि मित्राला चित्रण करायला सांगा. मग एकेक चौकट पुढे सरकवत, चेंडू सुटल्यापासून जमिनीला टेकेपर्यंतच्या चौकटी मोजा. त्या संख्येची दुप्पट म्हणजे तुमच्या कॅमेऱ्याचा दर सेकंदाचा वेग. फोनवर लिहिलेल्या आकड्याशी तो जुळतो का? न जुळल्यास उंची पुन्हा मोजा आणि प्रयोग तीनदा करा.

घरात किंवा शाळेत संमेलनाची, लग्नकार्याची जुनी रिळे असतील तर आंबट वास येतो का एवढे पाहा. ती प्रक्षेपकावर चढवण्याची घाई करू नका. आकसलेली फीत दात्यांत फाटते. कोरड्या, थंड जागी ठेवा आणि जाणकाराला दाखवा. डब्यावर काय, कोठे, केव्हा आणि कोणी टिपले, हे आजीआजोबांना विचारून आजच पेन्सिलीने लिहून ठेवा. वेग गुरुत्वाकर्षण सांगेल, दुपारची वेळ सावली सांगेल. पण त्या चित्रातल्या माणसांची नावे सांगणारे निसर्गात दुसरे कोणी नाही.